मॅचकडे पाठ करणारे टेलरचाचा

टेलरचाचांना क्रिकेटचं भयंकर वेड, पण अटीतटीची शेवटची ओव्हर मात्र त्यांनी कधी पाहिली नाही. मॅच रंगात आली की शिलाई मशीनवरून उठायचे, टीव्हीकडे पाठ करून भिंतीशी उभे राहायचे आणि माझं मनगट घट्ट धरायचे. "आपली नजर लई खराब, गुरुजी. मी पाह्यलं की विकेट गेलीच समजा. तुम्ही पाहा अन् मला सांगा." तीर्थपुरीच्या बाजारातल्या त्यांच्या दुकानात मी पंधरा वर्षं ही नोकरी केली; शाळेतली वेगळी.

एकदा राहवलं नाही म्हणून त्यांनी वळून पाहिलं आणि नेमका आपला शेवटचा गडी बाद झाला. मग काय! "माझ्यामुळं हारले बिचारे," म्हणत दोन दिवस गिऱ्हाइकांची माफी मागत होते.

मागच्या वर्षी आम्ही दोघं नागपूरला मॅच पाहायला गेलो. चाचांनी स्वतः शिवलेला निळा सदरा घातला होता. शेवटच्या ओव्हरला सगळं मैदान उभं राहिलं आणि चाचा सवयीप्रमाणे पाठ फिरवून उभे. कॅमेऱ्यानं नेमकं तेवढंच टिपलं. पुढच्याच चेंडूला आपण जिंकलो. मी ओरडून सांगितलं, तसं या म्हाताऱ्यानं आनंदानं मला चक्क उचललं. पण तोवर कॅमेरा दुसरीकडे गेला होता.

आम्ही गावी पोचायच्या आत चाचा सगळ्यांच्या मोबाइलवर पोचले होते. आधी लोक नुसते हसले. मग गावच्या ग्रुपवर कुणीतरी लिहिलं, 'भारत जिंकलेला बघवत नाही यांना.' झालं! दिवाळीचे कपडे ज्यांच्याकडे शिवायला टाकायचे, त्यांच्याकडेच लोक वाकड्या नजरेनं बघू लागले. चाचा मात्र निवांत. विचारेल त्याला एकच सांगायचे, "मला कशाला इचारता? गुरुजी बाजूलाच व्हते, त्यान्ला इचारा."

आणि लोकांनी विचारलं की हो! शाळेच्या फाटकाशी चौघांनी मला गाठलं. "गुरुजी, खरं काय ते सांगा." अर्ध्या मिनिटाचं काम होतं. पण उद्या आपलंही नाव ग्रुपवर यायचं, या भीतीनं मी अंग काढून घेतलं. म्हणालो, "माझं लक्ष मॅचकडं होतं." पोरांकडून 'नेहमी खरे बोलावे' गिरवून घेणारा मी! लिहितानासुद्धा लाज वाटते.

महिन्याभरात चाचांनी दुकान आवरलं. हसनाबादला लेकीकडे निघाले होते. माफी मागायचीच, असं ठरवून मी गेलो. मी तोंड उघडायच्या आत त्यांनी स्टूल पुढे सरकवलं.

"बसा गुरुजी. मनाला लावून घेऊ नका. तुम्ही तर बराबर सांगितलं असंल, लोकान्लाच पटलं न्हाई. व्हय ना?"

मी मान डोलावली.