साडूभाऊंची पाइपलाइन

माझ्या साडूला अमेरिकेत नोकरी मिळाली असती. ती मिळाली नाही, त्याला कारण मी. हे चुकून झालं नाही आणि रागाच्या भरातही झालं नाही. दोन वर्षं मी संधीची वाट पाहत होतो आणि ती आल्यावर मी ती घेतली. नातेवाइकांत या गोष्टीच्या तीन-चार आवृत्त्या फिरतात. त्यांतली एकही आकड्यांना धरून नाही, म्हणून मीच लिहून ठेवतो.

साडू म्हणजे माझ्या धाकट्या मेहुणीचा नवरा. सहासष्ट साली तो ट्रेनी म्हणून पश्चिम जर्मनीत गेला आणि ऱ्हूरच्या कोळसा-पोलादाच्या पट्ट्यातच स्थायिक झाला. मी पेनसिल्व्हेनियात. योगायोग असा की आम्ही दोघं एकाच धंद्यात होतो. त्याचा कारखाना अमेरिकन लायसन्सवर गॅस टर्बाइन बांधायचा. माझा कारखाना त्याच जातीच्या टर्बाइनची पाती बनवायचा आणि मी ती तपासायचो. अर्धा सहस्रांश इंच इकडे-तिकडे झालं तर पातं बाजूला. मी मोजल्याशिवाय कधी सही केली नाही, आणि माझी सही असलेलं पातं कधी परत आलं नाही.

त्या वेळी सैबेरियातून पश्चिम युरोपपर्यंत गॅसची पाइपलाइन चालली होती. पाइप आणि यंत्रं युरोपनं द्यायची, बदल्यात रशियानं गॅस द्यायचा. यात सगळ्यांत मोठं गिऱ्हाईक पश्चिम जर्मनी. रशियाच्या दबावाखाली पोलंडमध्ये लष्करी कायदा आल्यावर आमच्या राष्ट्राध्यक्षांनी आधी अमेरिकन कंपन्यांना या कामासाठी माल द्यायला बंदी केली. ब्याऐंशीच्या जूनमध्ये ती बंदी अमेरिकन लायसन्सवर काम करणाऱ्या परदेशी कंपन्यांनाही लागू केली. बंदीमुळे आमची ऑर्डर बसली. जुलैच्या दुसऱ्या सोमवारी चौतीस जणांना ले-ऑफ दिला, त्यांत मी होतो. यादी नोकरीच्या वर्षांप्रमाणे लावली होती. माझी चार वर्षं झाली होती, पाच झालेला माणूस राहिला. कामाचा संबंध कुठेच नव्हता.

पश्चिम जर्मनीच्या सरकारनं ती बंदी मानली नाही. करार झाले आहेत, माल पाठवा, असं बॉननं आपल्या कंपन्यांना सांगितलं. पॅरिस, लंडन आणि रोमनंही तेच सांगितलं. मला तेव्हा भरपूर वेळ होता. मी रोज सकाळी गावच्या लायब्ररीत बसून जुने पेपर काढले. वीस वर्षांपूर्वी अशाच पाइपांच्या सौद्यावर अमेरिकेनं डोळे वटारले होते, तेव्हा याच बॉननं निमूटपणे आपल्या पोलाद कंपन्यांना सौदा मोडायला लावला होता. वीस वर्षांत त्या देशाची पाठ ताठ झाली होती. एक वाचक म्हणून मला त्याचं कौतुकच वाटलं. एका बेकार माणसाला कौतुक परवडत नाही, तो भाग वेगळा.

आता कॅसेट. आमच्या सासरी पत्रांची जागा कॅसेटनं घेतली होती. जर्मनीहून मेहुणी एक बाजू भरून सांगलीला पाठवायची. सांगलीची मंडळी रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर, शेजाऱ्यांसकट, ती ऐकायची. मग दुसऱ्या बाजूवर आपलं बोलून तीच कॅसेट आम्हाला. आमच्याकडून पुन्हा जर्मनीला. पाठवण्याआधी आधीची बाजू पुसायची, असा रिवाज होता. त्या सप्टेंबरात सांगलीकर पुसायला विसरले. सासूबाईंच्या बाजूवर हळदीचा भाव, शेजारच्या मुलीचं लग्न असं सगळं ऐकून झालं, आणि बायकोनं सहज कॅसेट उलटली. स्वयंपाकघरात आम्ही दोघं आणि आमची चौदा वर्षांची मुलगी होतो.

साडू म्हणत होता, "अमेरिकेतल्या साडूभाऊंना घरी बसवलंय, कळलं असेलच. कामाच्या माणसाला कंपनी सोडत नाही हो, कुठलीही कंपनी. आमच्याकडे बघा, त्यांच्या राष्ट्राध्यक्षानं बंदी घातली तरी आमचं सरकार ढिम्म हललं नाही, आणि आम्ही दोन शिफ्टमध्ये मशीनं बांधतोय. यांना क्षेपणास्त्रं ठेवायला आमचं अंगण चालतं आणि गॅस कुठून घ्यायचा हे मात्र हे सांगणार. स्वतः रशियाला गहू विकतात. साडूभाऊंना म्हणावं, इकडे या, माझ्या हाताखाली लावून देतो."

मागे मेहुणीचं हसणं ऐकू आलं.

राजकारणाबद्दल तो बोलला त्यातलं बहुतेक खरं होतं. गहू आमचं सरकार विकतच होतं. माझा राग पहिल्या दोन वाक्यांवर होता. सांगलीत नोकरी म्हणजे सरकारी, पाटबंधारे नाहीतर शिक्षण खातं. तिथे माणसाला घरी बसवतात ते काहीतरी केल्यावरच. ले-ऑफ ही गोष्ट तिथे कोणाला समजावता येत नाही. माझे सासरे पाटबंधारे खात्यातले निवृत्त ओव्हरसियर, बंधाऱ्यावरचा दगडन् दगड टिचकी मारून तपासणारे. त्यांच्या जावयांत कामाचा माणूस म्हणून माझं नाव होतं. माझ्याकडे दुसरं काही नव्हतंच, रूप नाही, गप्पा मारणं नाही. ते नाव एका रविवारी दुपारी, शेजाऱ्यांच्या देखत, गेलं.

मुलीनं विचारलं, "बाबा, वॉज इट युवर फॉल्ट?"

मी तिला यादी कशी लावतात ते समजावलं. तिनं मान हलवली. तिला पटलं की नाही ते मला कळलं नाही.

मी सासऱ्यांना तीन पानी पत्र लिहिलं. उत्तरात त्यांनी लिहिलं, प्रकृतीस जपणे, होईल सगळं ठीक. आजारी माणसाला लिहितात तसं. नोव्हेंबरात बंदी उठली. मला एप्रिलमध्ये परत बोलावलं, बरोबर एकोणचाळीस आठवड्यांनी. चौतीसपैकी तेवीस जण परत आलो. परत न आलेल्या अकरांत आमच्या मॅनेजरचा सख्खा भाऊ होता. पन्नाशीच्या आतबाहेरचा, तिघा मुलांचा बाप. पुढे तो टेक्सासला कुठेतरी गोदामात लागला. मॅनेजर त्याच्याबद्दल कधी बोलायचा नाही, पण त्याच्या भिंतीवर त्या वर्षीचं कॅलेंडर जुलैवर थांबलेलं होतं. नवं लावलं तरी जुनं काढलं नाही.

चौऱ्याऐंशीच्या शरद ऋतूत मेहुणीचा फोन आला, रविवारी सकाळी. ती रडत होती. कारखान्यात माणसं कमी करत होते आणि परदेशी इंजिनीअर आधी. त्याआधीच्या वर्षी तिथल्या सरकारनं परदेशी कामगारांना मायदेशी परतण्यासाठी मदत देण्याचा कायदा केला होता. तो भारतीयांसाठी नव्हता, पण बसमध्ये शेजारी बसणाऱ्याला तेवढा फरक कळत नव्हता. अठरा वर्षं राहिलेल्या माणसाला लोक विचारू लागले, तुम्ही कधी जाणार. मग साडू फोनवर आला. "साडूभाऊ, तुमच्या कंपनीत काही जमतंय का बघा ना," म्हणाला. मी म्हटलं, या.

तो आला, आमच्याकडे अकरा दिवस राहिला. न्यू जर्सीच्या भारतीय दुकानात जाऊन मी त्याला आवडतो तो बासमती आणला. बायको खूश होती, तिला वाटलं मी विसरलो. साडूनं कॅसेटचा विषय काढला नाही. आम्ही ती बाजू ऐकली हे त्याला माहीतही नव्हतं. माफी मागितली असती तर काय केलं असतं, असं बायकोनं मला नंतर विचारलं. जे केलं तेच केलं असतं.

मॅनेजरला मी सांगितलं की माझा नातेवाईक चांगला इंजिनीअर आहे. हे खरं होतं. त्यानं भेटायला वेळ दिला. राहिला रेझ्युमे. साडूनं हातानं लिहून आणलेल्या कागदावर शेवटच्या नोकरीसाठी एकच ओळ होती, टर्बाइन जुळणी, एकोणऐंशीपासून आजपर्यंत. मी टाइपरायटरवर बसलो. तो शेजारी चहा पीत होता.

मी म्हटलं, "इथे तपशील मागतात. कुठलं काम, कुठल्या महिन्यात."

हेही खरं होतं.

तो खुलला. त्यानं कामं सांगितली, मी टाइप करत गेलो. पाइपलाइनच्या मशीनांपाशी आल्यावर मी थांबलो. "जून ते नोव्हेंबर ब्याऐंशी, दोन शिफ्ट, तुमच्या देखरेखीखाली. हे ठेवू का?"

"ठेवा की. तेच तर माझं मोठं काम."

"नक्की?"

"अहो, अमेरिकेनं सगळा जोर लावूनही थांबलं नाही असं काम आहे ते. यांनाही कळू दे."

मी ठेवलं. ओळ स्वतंत्र टाकली, वर-खाली जागा सोडून. एकही अक्षर खोटं नव्हतं. त्यानं वाचलं आणि सही केली. अशा माणसाची एकच अडचण असते. ज्या गोष्टीचा त्याला अभिमान आहे ती समोरच्याला कुठे लागेल, हे त्याच्या कधी मनात येत नाही. सांगलीच्या बैठकीत जे चाललं ते पेनसिल्व्हेनियात चालेल असं त्याला वाटलं. मला एका वाक्यात त्याला सावध करता आलं असतं. ते वाक्य मला पाठ होतं. मी ते बोललो नाही.

मंगळवारी नऊला त्याला मॅनेजरच्या दारापर्यंत सोडलं. नऊ वाजून वीस मिनिटांनी तो बाहेर आला. मॅनेजर दारात उभा होता, चेहरा लाल. मला नंतर एवढंच म्हणाला की तुझा माणूस चांगला इंजिनीअर असेल, पण हे काम त्यानं मला हसत हसत सांगितलं. त्यानं मला दोष दिला नाही. देण्यासारखं त्याला काही दिसलंच नाही.

मी अर्ध्या दिवसाची रजा काढून साडूला घरी आणलं. जेवायला बसल्यावर त्यानं भाजीकडे बघत विचारलं, "त्याचा भाऊ त्या बंदीत गेला, हे तुम्हाला माहीत होतं?"

"हो. यादीत माझ्या वर तिसरा होता."

"मग मला बोलला का नाहीत?"

"मी विचारलं होतं, ठेवू का. दोनदा."

मग मी त्याला सांगितलं की सांगलीकर एक बाजू पुसायला विसरले होते, आणि आम्ही तिघांनी ती ऐकली. त्याला आठवायला थोडा वेळ लागला. हे मला सगळ्यांत जास्त झोंबलं. मी दोन वर्षं जे उराशी बाळगलं ते त्याच्या लक्षातही नव्हतं.

"त्या चार वाक्यांसाठी?" तो म्हणाला. "साडूभाऊ, गंमत होती ती. बैठकीतली गंमत."

"सहा वाक्यं होती. मला पहिली दोन लागली."

"माझी दोन पोरं आहेत."

"मला एक आहे. ती तिथे बसली होती, तुम्ही बसलाय त्या खुर्चीवर."

बायको ओट्यापाशी उभी होती. दोन दिवसांनी त्याला विमानतळावर सोडून परतताना ती म्हणाली, "तो चुकला होता. माझ्या बहिणीचं काय चुकलं?" मी म्हटलं, ती हसली होती. हे उत्तर पुरेसं नव्हतं हे मला तेव्हाही कळत होतं आणि आजही माझ्याकडे दुसरं नाही. पण त्या दिवशी घरी येऊन मी दुपारी गाढ झोपलो, दोन वर्षांत झोपलो नव्हतो तसा. तेही लिहिलंच पाहिजे.

पुढच्या वर्षी ते चौघं भारतात परतले. त्याला पिंपरीला नोकरी लागली, त्याच्या मानानं लहान. शहाऐंशीच्या डिसेंबरात आम्ही सांगलीला गेलो तेव्हा तेही आले होते. त्यानं सगळं आधीच सांगितलेलं होतं. सासऱ्यांनी मला गच्चीवर नेलं. खाली बायका पापड वाळत घालत होत्या.

"तू ते मुद्दाम केलंस?"

"हो."

"कागदात काही खोटं होतं?"

"नाही."

"आणि तुझी नोकरी गेली ती फक्त यादीमुळे? तू पत्रात लिहिलं होतंस. मी विश्वास ठेवला नाही. जावई स्वतःची बाजू सांभाळतोय म्हटलं, म्हणून सोडून दिलं."

"फक्त यादीमुळे. वर्षांप्रमाणे."

ते कठड्याला धरून उभे राहिले. म्हणाले, "मग तू कामात कच्चा नव्हतास, हे मी घरात सांगतो. तू केलंस ते मला आवडलेलं नाही, हेही सांगतो."

मी म्हटलं, दोन्ही सांगा. पहिलं आधी.

त्यांनी जेवायच्या आधी सगळ्यांना बोलावून दोन्ही सांगितलं, त्याच क्रमानं. साडू खाली बघत होता. मग पानं मांडली. मेहुणी वरण वाढत आली, साडूला वाढलं, माझ्या पानावरून पुढे गेली. आमटी वाढताना पुन्हा तसंच. तिसऱ्या वेळी बायको उठली आणि तिनं मला वाढलं, माझ्याकडे न बघता. मी दोनदा भात मागितला आणि पोटभर जेवलो.