द्वारकाला दिलेल्या सुईचं नाव

बैलगाडी दवाखान्याच्या ओट्याला लागली तेव्हा ओपीडी संपत आली होती. दुपारचा साडेबाराचा सुमार. गाडीत कडब्यावर एक बाई आडवी होती. दुसरी एक बाई तिचं डोकं मांडीवर घेऊन पदरानं तिचं तोंड पुसत होती. कासरा धरून शेतमालक स्वतः बसला होता. मालकानं मजूर बाईला स्वतः गाडी हाकत आणावं हे काही रोज घडत नाही, म्हणून मी खुर्ची सोडून बाहेर आलो.

"पान लागलं," मालक म्हणाला. "जल्दी करा."

आमच्याकडं साप चावला असं कुणी म्हणत नाही. त्याचं नाव घेतलं की तो पुन्हा येतो म्हणे. म्हणून पान लागलं. हे दोन शब्द ऐकले की दवाखान्यातली सगळी माणसं आपोआप बाजूला होतात आणि वाट मोकळी होते. त्या दिवशीही झाली.

मी तिथं कंपाउंडर होतो. कागदावर फार्मासिस्ट, पण ते फक्त पगारपत्रकात. गाव घनसावंगीकडचं. नाव सांगत नाही, त्यातली काही माणसं अजून आहेत. जालना तेव्हा जिल्हा नव्हता. मोठ्या दुष्काळाला तीनेक वर्षं झाली होती, संकरित कापूस नवा नवा आला होता, आणि त्याच्यामागोमाग फवारणीचे डबे आले होते.

बाईचं नाव द्वारका. वय तिशीच्या आत. बौद्धवाड्यातली, मजुरीला जाणारी. सोबत आलेली तिची नणंद कमल. मालकाला सगळे आबा म्हणत.

डॉक्टरसाहेबांनी द्वारकाला टेबलावर घेतलं. तोंडातून लाळ गळत होती, अंग घामानं भिजलेलं, पापण्या जड, श्वास घरघरत होता.

"कुठं चावला?"

आबांनी तिचा डावा पाय उचलून दाखवला. घोट्याखाली शेजारी शेजारी दोन टोचे. थोडं रक्त वाळलेलं.

"काय करत होती? फवारत होती का?"

"छ्या," आबा म्हणाले. "बाया कुठं फवारत्यात साहेब? पंप गडी मारत्यात. ही हिरीवरून पाणी आणून पिपात टाकत व्हती. वळून बघतो तर बांधाला पडलेली."

ह्या बोलण्यात एक अक्षर खोटं नव्हतं. आबा खोटं बोलले असते तर मला आज सोपं गेलं असतं.

साहेब तरुण होते, हुशार होते, आणि आदल्या हंगामात पोळले होते. एका मेंढपाळाला नाग डसला होता. त्याचा श्वास साहेबांच्या डोळ्यांदेखत हळूहळू बंद पडला आणि ते काही करू शकले नव्हते. त्यानंतर त्यांनी वर तीन पत्रं लिहून एक औषध मागवून घेतलं. नियोस्टिग्मीन. दहा अँप्यूल, म्हणजे औषध भरलेल्या काचेच्या कुप्या, आठ महिने माझ्या कपाटात नुसत्या बसून होत्या. सापाच्या विषावरचं सिरम त्या दिवशी संपलेलं होतं आणि जीप जालन्याला गेलेली होती. मग साहेबांना दुसरं काय सुचणार?

"नियोस्टिग्मीन काढा," ते म्हणाले. "आधी अ‍ॅट्रोपीन."

ह्या नावाचा अर्थ इथं सांगून टाकतो, कारण पुढं तो लागणार आहे. आपले मज्जातंतू स्नायूला निरोप पाठवतात. निरोप पोचला की स्नायू हलतो. काम झालं की तो निरोप झाडून टाकायला शरीरात एक एन्झाइम असतं. झाडलं नाही तर निरोपांचा ढीग साचतो. नागाच्या विषानं निरोप स्नायूच्या दारातच अडतो, म्हणून पापणी पडते आणि श्वास थांबतो. नियोस्टिग्मीन त्या झाडणाऱ्याचा हात धरून ठेवतं. निरोप साचतात, आणि साचून साचून एखादा आत शिरतो. नावातलं नियो म्हणजे नवं. स्टिग्मीन हे आडनाव समजा, त्या घराण्यातली सगळी औषधं हेच काम करतात. घराण्याचा मूळ पुरुष म्हणजे आफ्रिकेतल्या एका वेलीचं बी. तिकडं संशयित माणसाला ते बी खायला घालत. मेला तर गुन्हेगार, ओकून वाचला तर निर्दोष. डिप्लोमाला आमच्या सरांनी हे हसत हसत सांगितलं होतं आणि आम्हीही हसलो होतो.

आता दुसरी गोष्ट. फवारणीच्या त्या डब्यातलं विषही ह्याच झाडणाऱ्याला धरतं. पण हात धरून थांबत नाही, त्याला मारूनच टाकतं. निरोप झाडायला कुणी उरत नाही. लाळ, घाम, पाणी, सगळं वाहायला लागतं, डोळ्यांच्या बाहुल्या आकसतात आणि माणूस आपल्याच छातीतल्या पाण्यात बुडतो. अशा माणसाला नियोस्टिग्मीन देणं म्हणजे आगीत तेल. त्याचा उतारा म्हणजे ते पाणी सुकवणारं अ‍ॅट्रोपीन, तेही भरपूर; नियोस्टिग्मीनच्या आधी तेच थोडंसं देतात, लाळ सुटू नये म्हणून.

हे सगळं मला तेव्हा माहीत होतं. परीक्षेत लिहून मी चांगले मार्क घेतले होते.

अ‍ॅट्रोपीनची सुई दिली. नर्सबाई लसीकरणाला गेल्या होत्या, त्यामुळं सुया मीच देत होतो. दंड धरायला वाकलो तर लुगड्याला उग्र वास आला, सडक्या लसणासारखा. मनात आलं, सकाळची चटणी असेल. डोळा उघडून पाहिला तर बाहुली खसखशीएवढी.

"साहेब, बाहुल्या फार बारीक आहेत."

"खिडकीतून उजेड येतोय, कंपाउंडर."

उजेड येत होता हे खरं. मी नियोस्टिग्मीनची कुपी काढून ठेवली. डॉक्टरला दोनदा सांगायची आमची पद्धत नव्हती, एकदा सांगितलं तेच पुष्कळ.

पाच मिनिटांत तिची लाळ थोडी कमी झाली. साहेबांच्या कपाळावरची शीर सैल पडली. "लागू पडतंय," ते म्हणाले. लागू पडत होतं ते अ‍ॅट्रोपीन. श्रेय मिळालं सापाच्या निदानाला, नियोस्टिग्मीन तर अजून दिलंही नव्हतं. मग ते दिलं. अर्ध्या तासानं पुन्हा दिलं. दोन्ही वेळा सिरिंज माझ्याच हातात होती.

दुसऱ्या सुईनंतर तिच्या दंडाचं मांस कातडीखाली वळवळायला लागलं. तोंडातून फेस आला. साहेब छाती दाबत राहिले, मी फडक्यानं फेस पुसत राहिलो. पावणेदोनला द्वारका गेली.

साहेब हात धुवायला वळले आणि तेवढ्यात ओट्यावर कुणीतरी ओकलं. कमल खांबाला धरून बसली होती. डोळ्यांतून पाणी, तोंडातून लाळ. मी तिला आत आणलं. बाहुली पाहिली. खसखस.

"तुला पण लागलं का काही पायाला?" साहेबांनी विचारलं.

"न्हाई वो साहेब. गरगरून राह्यलं सकाळपासून. वयनीला बी तसंच व्हत व्हतं."

"सकाळपासून करत काय होतात तुम्ही?"

"पाणी आणून टाकायचं, डब्यातलं औषध वतायचं, आन् हातानं हालवायचं."

"हातानं?"

"काठीनं खाली गोळा ऱ्हातो म्हणत्यात. कोपरापस्तोर हात घालून हालवावं लागतंय."

साहेबांनी तिचा हात नाकाशी धरून वास घेतला. मी कपाटाकडं गेलो आणि अ‍ॅट्रोपीनचा सगळा खोका उचलून आणला. कमलचं लुगडं बदललं, झाडूवाल्या बाईनं तिला साबणानं चोळून अंघोळ घातली, आणि तोंड कोरडं पडेपर्यंत, बाहुल्या मोठ्या होईपर्यंत आम्ही एकामागून एक सुया देत राहिलो. दिवस मावळायच्या आत ती पाणी मागायला लागली. शेजारच्या खोलीत तिची वहिनी चादरीखाली होती.

पायाच्या टोच्यांचा उलगडाही तेव्हाच झाला. कापसात दिवसभर अनवाणी राबणाऱ्या बाईचे पाय कुणीही बघावेत. काट्याकाडीचे दोन टोचे शेजारी शेजारी सापडणार नाहीत असं होतच नाही. द्वारकाच्या पायावर तसे सात होते. आम्हाला दोन पुरले. आणि पाणी आणणाऱ्या बाईला कुणी फवारणीत धरतच नव्हतं. फवारतो तो पंप पाठीवर असलेला गडी. बिनपाण्याचं जालीम औषध ज्या हातांवरून जात होतं ते हात कुणाच्या हिशेबातच नव्हते.

साहेबांनी केसपेपर लिहिला. मृत्यूचं कारण, सर्पदंश. कमलच्या कागदावर उलट्या आणि अशक्तपणा.

"साहेब," मी म्हणालो.

"तुमचंही नाव आहे त्यात कंपाउंडर," ते कागदावरची नजर न उचलता म्हणाले. "सुई कुणी दिली?"

माणूस वाईट नव्हता. मी शाई टिपायचा कागद पुढं केला. त्या दिवशी मी केलेल्या कामांपैकी ह्याचीच मला जास्त लाज वाटते.

आठ दिवसांनी साळवे गुरुजी आले. द्वारकाचे थोरले भाऊ, शेजारच्या गावात प्राथमिक शिक्षक. बहिणीचा जलदानविधी आटपून आले होते. पांढरा सदरा, हातात रुमालाची पुरचुंडी. साहेब मीटिंगला गेले होते. गुरुजी बाकावर बसले आणि पुरचुंडी सोडली. आत दोन रिकामे अँप्यूल. दवाखान्याच्या मागं आम्ही काचा टाकायचो, तिथून त्यांनी त्याच दिवशी, बहिणीला न्यायला आले तेव्हा, उचलून नेले होते.

"एकावर अ‍ॅट्रोपीन लिव्हलंय," ते म्हणाले. "दुसऱ्यावर नियोस्टिग्मीन. बराबर वाचलं का?"

"बरोबर."

"कमलला ह्यातली कोणती दिली?"

"अ‍ॅट्रोपीन."

"आन् द्वारकाला?"

"दोन्ही."

"मला नाव वाचता येतंय कंपाउंडर साहेब. अर्थ येत न्हाई."

"सापाच्या विषावर देतात ते," मी म्हणालो. हे खरं होतं. आबांच्या बोलण्याइतकंच खरं होतं.

गुरुजींनी मान हलवली. काचा पुन्हा रुमालात बांधल्या. उठता उठता म्हणाले, "म्या भांडाया आलो न्हाई. परवापासून आबाकडं फवारणी हाय परत. कमलला बोलावणं आलंय. आबा म्हणत्यात, द्वारका पान लागून मेली, सरकारी कागद हाय, औषधाचा काय संबंध? कमल भ्याली म्हणून वकली म्हणत्यात. मी तिला न्हाई जायचं म्हणलं, तर ती म्हणती, कागद खोटा असतो का दादा?"

ते ओट्याच्या पायऱ्या उतरले. मी त्यांना जाताना पाहिलं. मला काय वाटलं ते सरळ सांगतो. आधी वाटलं, सुटलो. मग कमलचा हात डोळ्यांपुढं आला, कोपरापर्यंत पिपात घातलेला. साबणानं चोळला तरी त्या हाताचा लसणासारखा वास दुसऱ्या दिवशीपर्यंत गेला नव्हता. मी नोकरीचा विचार केला, बायकोचा केला. मग हाक मारली.

गुरुजी परत आले. मी एक कोरा केसपेपर घेतला आणि मागच्या बाजूला मराठीत लिहिलं. नियोस्टिग्मीन म्हणजे काय, ते कशाला देतात, कुणाला देऊ नये. फवारणीचं विष कातडीतून अंगात जातं. द्वारका सापानं मेली नाही. तिला ही सुई द्यायला नको होती, ती मी दिली. खाली सही केली, हुद्दा लिहिला आणि दवाखान्याचा शिक्काही मारला. मग वाचून दाखवला. गुरुजी खाली मान घालून ऐकत होते. "ती मी दिली" इथं आलो तेव्हा त्यांनी हात वर केला, मी थांबलो. त्यांनी पुरचुंडीची गाठ पुन्हा घट्ट केली आणि म्हणाले, "वाचा पुढं."

त्यांनी मला माफ केलं नाही आणि मी माफी मागितलीही नाही. कागदाची घडी करून खिशात घातली आणि गेले.

आता पुढं काय झालं ते. चौकशी झाली नाही. साहेबांना कागदाचं कळलं तेव्हा ते माझ्याशी महिनाभर कामापुरतंच बोलले, मग बदली मागून गेले. जाताना त्यांनी द्वारकाचा केसपेपर मागितला, बराच वेळ पाहिला आणि तसाच परत ठेवला. मला एक मेमो आला, शिक्क्याचा गैरवापर केल्याबद्दल. गुरुजींनी तो कागद बौद्धवाड्यातल्या प्रत्येक घरात वाचला. बायांनी पिपात हात घालायला नकार दिला. आबा दोन दिवस चिडले, मग त्यांनी लांब दांड्याचं फावडं दिलं. खाली गोळा राहत नव्हता. आधीही राहिला नसता.

पुढं माझ्या हाताखाली बरीच पोरं फार्मासिस्ट म्हणून तयार झाली. औषधाचं नाव नि उपयोग सगळ्यांना पाठ असायचा. मी विचारायचो, कुणाला द्यायचं नाही ते सांगा, आणि साहेब ऐकत नसतील तर दुसऱ्यांदा कसं सांगाल ते सांगा. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर पुस्तकात नाही.

मी त्या गावात आणखी चार वर्षं होतो. कमल अधूनमधून यायची, कधी तापासाठी, कधी लेकराला घेऊन. बाकावर बसायची, पदर खांद्यावर सारखा करायची. मी सिरिंज भरून वळलो की हात मागं ओढून घ्यायची आणि दरवेळी तेच विचारायची.

"नाव काय सुईचं?"

मी नाव सांगायचो.

"आन् अर्थ?"

अर्थ सांगून होईपर्यंत ती माझ्या तोंडाकडं बघत राहायची. मगच दंड पुढं करायची.