वशिंडाची जर्मन गाय

काळेवाडीतल्या पत्र्याच्या शेडमध्ये ज्योतीराम कपाळाला हात लावून बसला होता. समोर लाकडी गाईंचा ढीग, आणि एकूण एक गाईच्या पाठीवर वशिंड!

जर्मन गाईला वशिंड नसतं हे त्याला ठाऊक नव्हतं असं नाही. चाकणच्या कंपनीत लाकडी साचे करता करता त्याचे केस पिकले, तिथंच त्याला व्हाल्टरसाहेब भेटला. साहेब मूळचा जर्मनीतल्या खेळणी करणाऱ्या गावचा. त्यांची रीतच अजब. ओल्या लाकडाचं जाड कडं लेथवर कातायचं, मग त्याच्या उभ्या फोडी पाडायच्या. प्रत्येक फोडीचा काप म्हणजे बाजूनं दिसणारी अख्खी गाय. पण फोड पाडेपर्यंत ती दिसत नाही, सगळी मदार हातावर. हात चुकला की कळपच्या कळप बाद.

साहेबाच्या गावात आता हे कुणी शिकेना. निवृत्त होऊन परत जाताना तो म्हणाला होता, माझ्या बापाची गाय जशीच्या तशी काढ, त्याची पटाशी तुझी. नाहीतर ती संग्रहालयाच्या काचेत जाईल. ज्योतीरामचा त्या पटाशीवर जीव जडला होता. काचेतलं हत्यार म्हणजे मेलेलं हत्यार, असं त्याचं रोखठोक मत.

पण हात ऐकेल तर शपथ! सांगोल्याकडचा माणूस, खिल्लार जनावरांत वाढलेला. कातताना पाठीची जागा आली की हात आपोआप वर उचलला जायचा.

"मुडदा बशिवला ह्या हाताचा!"

बायकोनं, यशोदाबाईनं, चहा ठेवता ठेवता दोन गाई उचलल्या. "बेंदराला पुजायला नेते. ब्येस दिसत्यात."

"अगं, जर्मन गाय हाय ती!"

"वशिंड हाय न्हवं? मग आपलीच की."

त्यात डेंग्यूच्या धास्तीनं तिनं लाकूड भिजवायचं पिंपही ओतून दिलं होतं. लाकूड वाळून तडकलं.

व्हिडिओ कॉलवर गाय बघून साहेब कडाडला, "ये क्या? ऊँट?"

"गाय है, साहेब."

फोन बंद.

ज्योतीराम इरेला पेटला. कड्यांमागून कडी चुलीत गेली. दिवाळी सरली आणि एकदाचं जमलं. सपाट पाठीच्या गाई, नावालाही वशिंड नाही. साहेबाच्या बापानं आपल्याच म्हणून उचलल्या असत्या. फोटो काढायला त्यानं मोबाइल घेतला, तोच दारात कुरिअरवाला.

जर्मनीहून आलेल्या खोक्यात पटाशी होती. जुनी मूठ, तिच्यावर अंगठ्याचा झिजलेला खळगा. पातं मात्र नव्यानं घासलेलं, टोकाला अर्धगोल बाक काढलेला. ज्योतीरामनं कोपऱ्यातली एक नापास गाय घेतली आणि तो बाक तिच्या पाठीला लावला. वशिंडावर चपखल बसला.

त्यानं घाईघाईनं व्हिडिओ कॉल लावला. "साहेब, बापाची पटाशी घिस डाली?"

"तेरा हाथ नहीं सुधरता," म्हातारा खेकसला. "तो मैंने पटाशी सुधारी." त्याचे डोळे ओले झाले होते. "सुधरा क्या हाथ?"

ज्योतीरामच्या पायाशीच सपाट गाईंचा कळप उभा होता. इतके महिने झिजवलेली हाडं, चुलीत घातलेलं लाकूड, बायकोची बोलणी, सगळं त्याच्या डोक्यात सणकलं. पण पडद्यावरचे ते ओले डोळे बघून त्यानं पायानंच गोणपाट ओढून कळप झाकला.

"नहीं साहेब," तो म्हणाला. "नहीं सुधरता."