दाजींची प्यादेमात

लातूर जिल्हा झाल्यापासून घड्याळ सोडून दुसऱ्या कुणीही ज्याला हरवलेलं नाही असा एकच माणूस आहे, आणि तो माझा साडू आहे. हे मी छातीठोकपणे सांगतो. मी स्वतः त्यांच्याकडून इतक्यांदा हरलोय, की माझ्याइतका लायक साक्षीदार दुसरा मिळायचा नाही. माझी बायको आपल्या थोरल्या बहिणीच्या नवऱ्याला दाजी म्हणते, म्हणून मीही दाजीच म्हणतो. जन्म मुखेडचा, दुकान लातूरला, धंदा शिंप्याचा. मात्र हा धंदा बुद्धिबळातून सवड मिळाली तर.

दाजी खेळायचे ते जुनं देशी बुद्धिबळ. त्यात राजाला एकदा घोड्यासारखी अडीच घरांची उडी मारता येते, आणि प्याद्यानं केलेली मात सगळ्यांत मानाची. वजिरानं मात करणं म्हणजे दाजींना आयतं ताट ओढून घेतल्यासारखं वाटायचं. "वजिरानं कुणीबी मारतंय पाव्हणं, त्यात काय अक्कल लागती?" समोर सरळ मात दिसत असताना ते वजिराला बाजूला बसवून ठेवत आणि एक फाटकं प्यादं एकेक घर पुढं आणत. मी तोवर चहा पिऊन घ्यायचो, कारण माझं मरण नक्की असलं तरी त्याला वेळ होता.

आपली कारकीर्द ते दुष्काळांच्या हिशेबानं सांगत. बहात्तरच्या मोठ्या दुष्काळात खडी फोडायच्या कामावर मुकादमाला प्यादेमात. त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात बिलोलीला तीन गावचे खेळाडू एका बैठकीत गारद. नंतर लातूरच्या एका डाळमिलवाल्याला प्यादेमात, बक्षीस तूरडाळीचं पोतं. रशियातल्या मोठमोठ्या खेळाडूंची कारकीर्दही त्यांना तोंडपाठ होती. कोण कुठं जिंकला, कुणी कुणाचं अजिंक्यपद हिसकावलं, हे सगळं ते भावकीतल्या बातम्या सांगाव्यात तसं सांगत. शेवटी मान हलवून म्हणत, "लई मोठा माणूस. पर सगळ्या माता वजिरानं!"

शिवणकामातही तेच. मशीनवर झटकन होणारं काज ते हातानं घालत बसायचे. माझ्या लग्नाची पँट त्यांनी इतकी देखणी शिवली, की ती पाहून मुंडावळ्या पुन्हा बांधाव्यात असं वाटलं. ती लग्नानंतर मिळाली. बोहल्यावर मी मामाच्या पँटमध्ये उभा होतो.

नवा जिल्हा झाला त्या सुमारास पाण्याची बोंब होती. गल्लीत टँकर यायचा, आधीपासून घागरींची रांग लागायची. रांगेत थांबायचं काम दाजींकडं, म्हणून ते पट घेऊनच जात. एकदा टँकर आला, लोकांनी घागरी भरल्या, टँकर गेला, आणि दाजींचं प्यादं अजून दोन घरं लांब होतं. अक्का, म्हणजे माझी मेव्हणी, रिकामी घागर त्यांच्या पुढ्यात आदळून म्हणाल्या, "आता भाजी कशात शिजवू? आग लागू दे तुमच्या त्या प्याद्याला!" दाजींनी घागर जरा सरकवली, कारण तिची सावली पटावर पडत होती.

अशात नव्या जिल्ह्याची पहिली बुद्धिबळ स्पर्धा जाहीर झाली. दाजींनी शिवण खाली ठेवली. "पाव्हणं, चँपियन दरसाली व्हईल. पयला एकदाच व्हतो." तेव्हा मी त्यांना पहिल्यांदा घाबरलेलं पाहिलं. त्यांना मनापासून हवी असलेली ही एकच गोष्ट होती. मी नांदेडहून मुद्दाम गेलो. पहिल्याच डावात दाजींच्या राजानं अडीच घरांची उडी मारली. पंच म्हणाले, "काका, राजा असा उडत नाही." दाजी म्हणाले, "आमच्याकडं निजामाच्या काळापासून उडून राहिला की!" राजा परत जागेवर बसवावा लागला. तरी दाजी एकेक डाव मारत अंतिम फेरीत पोचले, आणि तेही सगळे प्यादेमात करूनच.

समोर होत्या कलेक्टर कचेरीत नव्यानं बदलून आलेल्या एक स्टेनो बाई. दोघांच्या मध्ये दोन तोंडांचं घड्याळ. चाल केली की कळ दाबायची, पण दाजी ती दाबायला विसरत, आणि बाईंच्या विचाराचा वेळही दाजींच्याच खात्यावर जाई. तरीही बाईंकडं शेवटी राजा आणि एक हत्ती उरला. वजीर एक घर सरकवला की मात! हे मला दिसत होतं, पंचांना दिसत होतं, लोकांच्या चेहऱ्यांवरून अक्कांनाही कळलं. मी खोकलो. अक्का तर उघड म्हणाल्या, "अहो, उरका की!" दाजींनी प्यादं उचललं. ते त्यांच्या चिमटीत असतानाच त्यांच्या बाजूच्या घड्याळाचा काटा पडला, म्हणजे वेळ संपली आणि डाव गेला.

बाई उठून उभ्या राहिल्या. "काका, मात तुमचीच होती." दाजी म्हणाले, "व्हती न्हाई, बाई. व्हायची व्हती." पहिलं अजिंक्यपद बाईंना गेलं. घरी येताना दाजींच्या शेजारून चालताना मला त्यांचा रागही आला आणि त्यांना मिठी मारावीशीही वाटली. चार दिवसांनी त्यांनी बाईंच्या करंडकासाठी मखमलीची खोळ शिवून पाठवली. उशीर न करता दिलेलं त्यांचं हे एकमेव शिवण.

यंदा दिवाळीनंतर लातूरला गेलो. दुकान बंद झालंय, दाजींचे हात थरथरतात, पण पट मांडलेलाच होता. डाव रंगला आणि मला नेहमीप्रमाणं वजिराची मात दिसली. मी निवांत मागं टेकलो, प्यादं यायला अवकाश होता. दाजींनी वजीर उचलला आणि ठेवला. "मात."

"दाजी, वजिरानं?"

"हाव. प्यादं पोचंस्तोवर आता दम निघत न्हाई, पाव्हणं."

चहा घेऊन आलेल्या अक्का दारातच थांबल्या. जन्मभर त्या प्याद्याला शिव्या घालणारी ती बाई हळूच म्हणाली, "प्यादं का न्हाई चालवलं हो?"

मी सगळ्या सोंगट्या गोळा केल्या आणि पट पुन्हा मांडला. म्हटलं, "ही मात मी धरत नाही, दाजी. मला प्याद्यानं मारा." शेवटची नांदेड गाडी निघायची वेळ झाली होती. मी अक्कांना सांगितलं, आज मुक्काम आहे. दाजींनी धोतराच्या सोग्यानं चष्मा पुसला, पटाकडं बराच वेळ पाहिलं, आणि एक प्यादं एक घर पुढं सरकवलं.