मोस्यूंची तीन वेळा टकटक

आमच्या खालच्या मजल्यावरच्या मोस्यूंनी, म्हणजे फ्रेंच शेजारीबुवांनी, मला जितकं घाबरवलं, तितकं माझ्या व्हिसानंसुद्धा कधी घाबरवलं नाही. आणि मी काही साधासुधा घाबरट नाही. नागपूरहून अमेरिकेत ॲन आर्बरला प्रोग्रॅमर म्हणून आलो, आल्या आल्या ऑफिसात ले-ऑफ सुरू झाले आणि तिकडे बाबांचं हृदय कुरकुरायला लागलं. तेव्हापासून दारावर कोणी टकटक केली तरी मी आधी पासपोर्ट शोधायचो. त्यात मोस्यूंचा धंदाच मुळी वाईट बातमी आणण्याचा! उभं आयुष्य पॅरिसच्या रंगभूमीवर आणि फ्रेंच सिनेमात त्यांनी तेवढंच केलं होतं. तार घेऊन येणारे पोस्टमन ते, ऑपरेशन थिएटरमधून मान हलवत बाहेर येणारे डॉक्टर ते, नायिकेच्या दारात उभे राहणारे इन्स्पेक्टरही तेच. "माझं काम मिनिटभराचं," ते अभिमानाने सांगत, "पण पुढचा तासभर सगळे रडायचे!" म्हातारपणी अमेरिकन बायकोच्या गावी येऊन राहिले. ती गेली, हे उरले.

धंद्याची सवय मात्र सुटली नाही. टकटक तीनच वेळा, तीही सावकाश. दार उघडलं की टोपी काढून छातीशी धरायची, समोरच्याच्या पायांकडे बघायचं, एक लांब श्वास घ्यायचा, आणि मग, "तुमच्या गाडीचे दिवे चालू राहिलेत." अहो, एवढ्यासाठी? तोवर इकडे मी मनातल्या मनात बाबांना पोचवून विमानाचं तिकीट काढलेलं असायचं! एकदा कोथिंबीर मागायला आले, तर त्यांचा चेहरा बघून बायकोने आधी मला खुर्ची दिली. "जरा हसून मागत जा हो," मी चिडून म्हटलं. तर म्हणाले, "हसायचं काम मला कोणी दिलंच नाही." महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीत आम्ही त्यांना एका नाटुकल्यात पोस्टमन केलं. संवाद नाही, नुसतं पाकीट द्यायचं. त्यांनी टोपी काढली मात्र, पहिल्या रांगेतल्या काकूंनी पदर डोळ्यांना लावला. प्रहसन होतं हो ते!

मग तो जानेवारी आला. तिकडे बाबांची बायपास, आणि नेमका त्याच वेळी इथे बर्फाचा पाऊस पडून विजेच्या तारा तुटल्या. वीज नाही म्हणून आमचा कॉर्डलेस फोन मुका, मोबाइलला रेंज नाही. अख्ख्या बिल्डिंगमध्ये चालू होता तो मोस्यूंचा भिंतीवरचा जुना, वायरचा फोन. अडीनडीला म्हणून तो नंबर मीच नागपूरच्या दादाला देऊन ठेवला होता. सकाळी साडेदहाला खाली फोनची घंटी वाजली. धावत जायला हवं होतं, पण मी दाराची कडी धरून तिथेच उभा राहिलो. घंटी थांबली. थोड्या वेळाने जिन्यात पावलं वाजली, आमच्या दारापर्यंत आली, थांबली आणि परत फिरली. पुन्हा आली, पुन्हा फिरली.

"चांगली बातमी असती तर माणूस असा घुटमळला असता का गं?" मी विचारलं. बायकोने माझा हात घट्ट धरला.

टकटक. मग दुसरी. मग तिसरी.

टोपी छातीशी. नजर माझ्या सपातांवर. लांब श्वास. मी भिंत धरली.

"तुमचे वडील," मोस्यू म्हणाले, आणि थांबले. हा माणूस थांबतो कशाला, असं ओरडावंसं वाटलं. "ऑपरेशन नीट झालं. शुद्धीवर आलेत. चहा मागताहेत."

मी मटकन खाली बसलो आणि ढसाढसा रडलो. मोस्यू पार गोंधळून गेले. "मी चुकीचं सांगितलं का?" ते बायकोला विचारू लागले. "जिन्यात तालीमसुद्धा केली. चांगली बातमी आयुष्यात पहिल्यांदाच सांगतोय. चेहरा कसा ठेवायचा तेच कळेना."

बाबा अजून चहा मागतात, तोही दिवसातून चारदा. आम्ही पुढे कॅलिफोर्नियात क्युपर्टिनोला आलो. गेल्या हिवाळ्यात जुन्या बिल्डिंगच्या मॅनेजरबाईंचा फोन आला. आधी इकडच्या उन्हाचं कौतुक केलं, आमच्या मुलीची चौकशी केली, आणि मग त्याच हसऱ्या आवाजात म्हणाल्या, मोस्यू गेले.

मी थँक्यू म्हणून फोन ठेवला आणि बराच वेळ दाराकडे बघत बसलो. ही बातमी सांगायला खरं तर तेच यायला हवे होते. टोपी काढून, माझ्या पायांकडे बघत त्यांनी सांगितली असती, तर मला नीट रडता तरी आलं असतं.