होडीच्या गेमचा रिफंड

अशा गोष्टींवर माझा काडीचाही विश्वास नव्हता, हे आधीच सांगून टाकतो. मी रोह्याजवळच्या एका केमिकल कंपनीत इन्स्ट्रुमेंटेशनला आहे. प्रेशर, तापमान, लेव्हल... काट्यावर दिसलं तर आहे, नाही दिसलं तर नाही. अठरा वर्षं हेच काम. कॅन्टीनमध्ये कुणी प्लांटमागच्या चिंचेचे किस्से सुरू केले की मी चहाचा ग्लास घेऊन उठायचो. या ग्रुपवरचे अनुभवसुद्धा मी करमणूक म्हणूनच वाचायचो. आज स्वतः लिहायला बसलोय. नावं बदलली आहेत. गेमचं आणि कन्सोल बनवणाऱ्या कंपनीचं नाव मुद्दामच देत नाही, कारण त्यांचा काही दोष नाही. बाकी सगळं घडलं तसं.

मी आणि बायको मानसी रोह्याशेजारच्या अष्टमी गावात राहतो. थोरला भाऊ महेशदादा पेणला. वडील गेले तेव्हा मी सातवीत होतो, दादा एकवीस वर्षांचा. तो गणपतीच्या कारखान्यात लागला आणि पुढे आखणी शिकला — म्हणजे मूर्तीचे डोळे रंगवायचं काम. सगळ्यात शेवटचं आणि सगळ्यात नाजूक. श्वास रोखून एक रेघ ओढायची, मग श्वास सोडायचा. माझी आयटीआयची फी त्या डोळ्यांतूनच आली.

दोन वर्षांपूर्वी गणपती झाल्यावर दादाला अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली. पाय हळूहळू सुधारला, हात नाही. फिजिओथेरपीवाले म्हणाले, बोटं हलती ठेवा, काहीतरी खेळ द्या हातात. माझ्याकडे बोनसमधून घेतलेला गेमिंगचा कन्सोल धूळ खात पडला होता. तो नेऊन दिला.

"ह्या वयात मला खेळणी देतोस व्हय रे?" म्हणून दादा हसला होता. पण महिन्याभरात रमला. डाव्या हाताने भराभर, उजव्याने अडखळत... पण खेळायचा. रविवारी माझी सुट्टी. मी मोटरसायकल काढून सकाळी पेणला जायचो आणि आम्ही दोघं जेवणापर्यंत खेळायचो. वहिनी आतून ओरडायची, "दोघांचं मिळून वय किती गो बाई!"

अकाउंट माझं होतं, कार्ड माझं. काहीही विकत घ्यायचं तर माझा पासवर्ड लागायचा. नेट दादाच्या मोबाइलच्या हॉटस्पॉटवरून. हे सगळं आता सांगून ठेवतोय, कारण पुढे लागणार आहे.

मार्चमध्ये दादाचा फोन आला.

"नील्या, एक होडीचा गेम आलाय. दोघांनी मिळून वल्हवायची. डावं वल्हं एकाकडं, उजवं दुसऱ्याकडं. माझा डावा हात चांगला हाय ना... घेशील काय?"

आयुष्यात या माणसाने माझ्याकडे काही मागितलं नव्हतं. फोन चालू असतानाच मी गेम घेतला. म्हटलं, "घेतला बघ. आता डाउनलोडला लाव."

"नको. तू रविवारी ये, मग लावू. एकट्याने तो नुसता गोल फिरतो म्हणे."

त्या रविवारी कंपनीत देखभालीचा शटडाउन होता, जाता आलं नाही. पुढच्या रविवारी मानसीच्या मावसबहिणीचा साखरपुडा होता, नागोठण्याला. दुपारी दोनला मोकळे झालो होतो. तिथून पेण काही लांब नाही... पण ऊन होतं, जेवण अंगावर आलं होतं. घरी येऊन झोपलो. दादाला मेसेज टाकला, 'पुढच्या वेळी नक्की.'

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत मोबाइल चाळताना त्या गेमची पावती दिसली. खाली नियम होता — दोन आठवड्यांच्या आत, आणि गेम डाउनलोड केलेला नसेल तर, पैसे परत. पैशांची अडचण होती का? नव्हती. नुसतं वाटलं, पडूनच आहे, पुढे सेलमध्ये अर्ध्या किमतीत मिळेल. रिफंड मागितला. कारण विचारलं होतं, यादीतलं 'चुकून खरेदी झाली' निवडलं. दोन मिनिटांचं काम. दादाला सांगितलं नाही.

त्यानंतर पाचव्याच दिवशी दादाला दुसरा झटका आला. पनवेलला नेईपर्यंत सगळं संपलं होतं.

तेराव्यानंतर मी कन्सोल त्याच्या मूळ खोक्यात भरला. वायरी गुंडाळल्या, दोन्ही रिमोट प्लास्टिकच्या पिशवीत घातले, खोक्याला चारी बाजूंनी चिकटपट्टी मारली. वहिनी म्हणाली, "घेऊन जावा भावजी, मला काय करायचाय?" माझ्याने उचलवेना. तिच्या कपाटावर ठेवून आलो. दादाचा फोन बंद करून कपाटात ठेवला, सिमकार्डही बंद करून टाकलं.

दीड महिन्याने, रविवारी सकाळी दहाच्या सुमारास मी रोह्याच्या बाजारात कडवे वाल घेत होतो. मोबाइल वाजला. ईमेल — 'खरेदीबद्दल धन्यवाद.' तोच होडीचा गेम. पूर्ण किमतीला. कार्डावरून पैसे गेले होते.

अकाउंट हॅक झालं, दुसरं काय! घरी येऊन पासवर्ड बदलला, कार्ड काढून टाकलं, रिफंड मागितला. दोन दिवसांनी नकार आला. मी चॅटवर गेलो. पलीकडे कुणी मुलगी होती, अतिशय नम्र.

तिने लिहिलं, "सर, हा गेम डाउनलोड झालेला आहे आणि पन्नास मिनिटं खेळलेला आहे. त्यामुळे रिफंड देता येत नाही."

"कुठल्या कन्सोलवर?"

तिने सीरियल नंबरचे शेवटचे चार आकडे दिले. मी बिल काढून ताडून पाहिलं. आमचाच.

वहिनीला फोन लावला. कुणाला कन्सोल दिलास का, कुणी हात लावला का?

"कोण लावणार? मी एकटी तर हाय. खोका हाय तसा हाय कपाटावर. परवाच जळमटं काढली... का हो?"

"काय नाय," म्हटलं.

मानसी म्हणाली, त्यांच्या सिस्टिममध्ये घोळ असेल. मलाही तेच पटलं. साधनं चुकतात, मी रोज दुरुस्त करतो. पुढच्या सोमवारी पुन्हा तक्रार केली. उत्तर आलं — एक तास पंचावन्न मिनिटं. त्याच्या पुढच्या सोमवारी तीन तास. त्यांच्या नोंदीप्रमाणे वेळ फक्त रविवारी वाढत होता, सकाळी दहा ते अकराच्या आसपास. माझ्यात काय संचारलं होतं कोण जाणे, मी हट्टाला पेटलो. तक्रारीवर तक्रार. आणखी एक रविवार गेल्यावर शेवटी वरच्या अधिकाऱ्यांना लांबलचक मेल लिहिला, कन्सोल खोक्यात बंद आहे, तुमची नोंद खोटी आहे, मला माझे पैसे हवेतच. पाठवला, आणि त्यानंतरच्या रविवारी स्वतःच निघालो.

नागोठणं गेलं, कासू गेलं. वडखळला चहा घ्यायला थांबलो तेव्हा पावणेदहा वाजले होते. चहा अर्धा टाकून दिला. तेराव्यानंतर या रस्त्याने मी आलोच नव्हतो, हे तेव्हा लक्षात आलं.

वहिनीने दार उघडलं. बारीक झाली होती. मी सरळ कपाटावरचा खोका खाली काढला. चिकटपट्टी मीच मारलेली, टोकाला माझ्या अंगठ्याचा काळा ठसासुद्धा तसाच. कुठेही उचकटलेली नाही. वहिनीसमोर ब्लेडने कापली. वायरी गुंडाळलेल्या, रिमोट पिशवीत. टीव्हीला जोडला, माझ्या मोबाइलचं नेट दिलं.

होडीचा गेम यादीत पहिलाच होता. डाउनलोड झालेला.

उघडला. रुंद नदी, दोन्ही काठांना झाडं, मधोमध होडी, होडीत पाठमोरी दोन माणसं. कोपऱ्यात खेळलेला वेळ... चार तास दहा मिनिटं. एकट्याने ती होडी गोल फिरते, हे दादाच म्हणाला होता. पण ती सुरुवातीच्या धक्क्यापासून खूप लांब आली होती. खाली खेळाडूंची नावं होती. डाव्या वल्ह्याला नुसतंच 'पाहुणा', म्हणजे ज्याचं स्वतःचं अकाउंट नाही असा. उजव्या वल्ह्याला माझं नाव, माझ्या फोटोसकट.

मार्चनंतर मी खेळायला रिमोट हातात धरलेला नव्हता.

वहिनी माझ्यामागे खाटेवर बसली होती. खिडकीतून स्वच्छ ऊन आत आलं होतं, बाहेर कुणीतरी पोतं झटकत होतं. मी एक रिमोट घेतला. दुसरा पिशवीतच होता, दिवासुद्धा लागलेला नव्हता. उजवं वल्हं मारलं. होडी डावीकडे वळली. पुन्हा मारलं, आणखी वळली, काठाला लागायला आली.

तिसऱ्यांदा मारलं तेव्हा डावं वल्हं वर उचललं गेलं आणि पाण्यात पडलं. होडी सरळ झाली.

मी मारलं की अर्ध्या क्षणाने ते. दादाचं तसंच होतं, झटक्यानंतर कुठल्याही खेळात तो थोडा मागून यायचा आणि मी त्याच्यासाठी सावकाश व्हायचो. माझा हात आपोआप सावकाश झाला.

"भावजी," वहिनी हळूच म्हणाली, "दोन्ही वल्ही तुमीच मारताव?"

"नाय वहिनी. माझं उजवंच."

दहा-बारा वेळा वल्ही पडली असतील. नदीवरचा एक लाकडी पूल आला, होडी त्याच्या सावलीतून गेली... आणि डावं वल्हं थांबलं. मी मारत राहिलो, होडी गोल फिरत राहिली. किती वेळ, माहीत नाही. शेवटी वहिनीने माझ्या हातातला रिमोट काढून घेतला.

तेव्हा मी तिला सगळं सांगितलं, मोबाइलवर आलेल्या त्या खरेदीच्या मेलपासून. गेम घेतला होता, रविवारी येऊ शकलो असतो, आलो नाही, आणि वर पैसे परत घेतले. दादाला पत्तासुद्धा लागू दिला नाही.

वहिनी टीव्हीकडे बघत म्हणाली, "त्यांना ठाव होतं."

"काय?"

"तुमी आला नाय त्याच्या दोन-तीन दिसांनी त्यांनी चालू करून बघितला. यादीत गेम नव्हता. मला म्हणाले, वाच गो, मला नीट दिसत नाय का काय. मी पण शोधला. मी म्हटलं, भावजींना फोन लावते. तर म्हणाले, नको. त्याला लागले असतील पैसे, विचारलं तर ओशाळेल. येईल तेव्हा दुसरं काय तरी खेळू."

मी उठून मोरीत गेलो आणि नळ सोडून तिथेच उभा राहिलो.

ठरवलं, आता तक्रार मागे घ्यायची. परत रोह्याला आल्यावर मेल लिहायला बसलो, पण शब्द सुचेनात. काय लिहिणार? दुसऱ्या दिवशी फर्स्ट शिफ्ट होती, राहून गेलं. मंगळवारी ओव्हरटाइम. बुधवारी दुपारी त्यांचाच मेल आला — 'आपल्याला झालेल्या त्रासाबद्दल दिलगीर आहोत. विशेष बाब म्हणून आपला रिफंड मंजूर करण्यात येत आहे. गेम आपल्या अकाउंटमधून काढून टाकण्यात आला आहे.'

मी प्लांटमधून तसाच बाहेर पळालो. गेटजवळ उभा राहून चॅट लावला. या वेळी कुणी मुलगा होता.

"मला रिफंड नको. गेम परत द्या. जिथे होता तिथून."

"सर, मंजूर झालेला रिफंड मागे घेण्याची सोय नाही. आपण गेम नव्याने खरेदी करू शकता."

"आधी खेळलेलं राहील ना?"

मग त्याने लिहिलं, "सर, माझ्या नोंदीप्रमाणे हा गेम आपल्या कन्सोलवर कधीच डाउनलोड झालेला नाही. त्यामुळेच रिफंड मंजूर झाला आहे."

जुने चॅट शोधले. मी कधी सेव्ह केलेच नव्हते. नकाराचे मेल आहेत, पण त्यांत नुसतं 'नियमात बसत नाही' एवढंच आहे. तास, मिनिटं, सीरियल नंबर, कशाचाच कागद माझ्याकडे नाही. अठरा वर्षं रीडिंग लिहून ठेवणारा मी...

गेम पुन्हा विकत घेतला. त्या रविवारी पेणला जाऊन डाउनलोड केला. होडी पहिल्या धक्क्याला बांधलेली होती. दोर सोडला, उजवं वल्हं मारलं, ती गोल फिरली. दहा ते अकरा, पूर्ण तास मी बसलो होतो. वहिनी थोडा वेळ शेजारी बसली, मग भात टाकायला आत गेली. त्यानंतर चार-पाच रविवार गेलो. काहीच झालं नाही.

तर्क सगळे करून झाले. सर्व्हरवर दुसऱ्या कुणाची नोंद आमच्या नावावर पडली असेल. खोक्यात भरण्याआधी गेम कधीतरी डाउनलोड झाला असेल. डाव्या वल्ह्यासाठी गेममध्येच काही सोय असेल — ती मी शोधली, सापडली नाही. मानसी म्हणते, मनावर ताण होता. असेल. पण वहिनीनेही ते वल्हं पाहिलं, आणि तोवर तिला त्या तास-मिनिटांचं काहीच माहीत नव्हतं.

रिफंड न मागता मी गप्प बसलो असतो तर ती होडी कुठवर गेली असती, हे मला कुणी सांगू शकणार नाही.

आता शिफ्टमुळे दर रविवारी जमत नाही. नाही गेलो की साडेअकराला वहिनीचा फोन येतो.

"आज काय आलं का हो मोबाइलवर?"

"नाय वहिनी."

"बरं," ती म्हणते. मग जेवलात का विचारते आणि फोन ठेवते.