नाकवाल्यांच्या घरातला डबा

"नाकवाले येताहेत, डबे झाका," असे शेजारच्या बायका जिन्यातून एकमेकींना ओरडून सांगत. "त्यांच्या घरात शिरायचं तर झुरळसुद्धा आधी पाय पुसून येईल," असे वरच्या मजल्यावरचे निवृत्त पोस्टमास्तर म्हणत. "येईल कशाला? अर्ज करील आणि नकार घेऊन परत जाईल," अशी त्यावर त्यांच्या पत्नीची पुस्ती असे. तळमजल्यावरच्या शिंपीणबाईंना मात्र हे कौतुक मान्य नव्हते. त्या सरळ म्हणत, "नाकाने कांदे सोलतो मेला."

नाकवाल्यांनी सव्वीस वर्षे पेस्ट कंट्रोलचे काम केले. पाठीवर औषधाची टाकी, हातात नळी, खिशात टॉर्च आणि दाताच्या डॉक्टरकडे असतो तसला लांब दांडीचा आरसा. परक्या घरात शिरले की ते उंबऱ्याच्या आत दोन पावले थांबत आणि एकच दीर्घ श्वास घेत. खवट तेलात ओला पुठ्ठा कुजत ठेवावा, तसा एक वास असतो. तो लागला की यजमानाने तोंड उघडायच्या आत ते सांगत, "फ्रिजच्या मोटारीपाशी. आणि मिक्सरच्या बुडात." हा अंदाज चुकल्याचे कोणाला आठवत नव्हते.

झुरळांशी त्यांचे वैर नव्हते. ऊब, अंधार आणि अंग दोन्हीकडून टेकेल अशी फट, एवढेच तो जीव मागतो, असे ते म्हणत. शिसारी येई ती माणसांची. एका नामवंत डॉक्टरांच्या घरी संगमरवरी ओट्याखालची फळी काढताच दोनशे-अडीचशे झुरळे भिंतीवर पसरली, आणि रेशमी बाहीने नाक झाकत बाई म्हणाल्या, "आमच्याकडे नाहीत हो. शेजाऱ्यांकडून येतात." हे वाक्य नाकवाल्यांनी प्रत्येक घरात ऐकले होते. झुरळे ज्या घरात जन्मतात ते घर त्यांना सव्वीस वर्षांत सापडले नाही. सगळ्यांकडे ती शेजाऱ्यांकडूनच येत. एका बेकरीच्या मालकाने पिठाच्या कोठीतली झुरळे पाहून, "भाजताना मरतात ना?" असे विचारले होते. त्या दिवसापासून नाकवाल्यांनी कामावर कोणाच्या घरचे पाणीही घेतले नाही.

साहजिकच त्यांच्या स्वतःच्या घरात भोके असलेली आणि गरम होणारी वस्तू येत नसे. बाहेरच्या खोलीत एक मोठा टीव्ही होता, तोही भिंतीपासून वीतभर पुढे ओढलेला. बायकोच्या गुडघ्यांची शस्त्रक्रिया झाली आणि तिचे जग त्या खोलीपुरते उरले, तेव्हा हा नियम पहिल्यांदा वाकला. ती शाळेत भूगोल शिकवत असे. आता तिला जुने चित्रपट पाहायचे होते, गाण्याच्या मैफिली ऐकायच्या होत्या, दूरदूरच्या नद्यांवरचे माहितीपट बघायचे होते.

"फोनवर मुंगीएवढी माणसं बघून माझे डोळे गेले," ती म्हणाली. "टीव्हीला जोडायचा लहानसा कॉम्प्युटर मिळतो म्हणे. बाळ्याच्या दुकानातच घेऊ."

बाळ्या म्हणजे तिचा धाकटा भाऊ, आणि खरा पेच तिथेच होता. चार वर्षांपूर्वी त्याने कॉम्प्युटरचे दुकान थाटले. उद्घाटनाला जमलेल्या शंभर पाहुण्यांसमोर नाकवाल्यांनी छताकडे पाहून एक श्वास घेतला आणि म्हणाले, "वर उंदीर व्यायलेत." मेव्हण्याने छत उघडले नाही, बहिणीच्या घरचा रस्ता मात्र बंद केला. चार वर्षे त्याने फोन केला नाही. तिने दहा वेळा केला, त्याने उचलला नाही. लहानपणी त्याला कडेवर घेऊन तिने शाळेचा अभ्यास केला होता. शस्त्रक्रियेच्या वेळी तो आपणहून इस्पितळात आला, खाटेच्या पायथ्याशी उभा राहून रडला, आणि त्यानंतर दर रविवारी घरी येऊ लागला. इस्पितळातून परतताना तिने नवऱ्याचा हात धरून सांगितले होते, "तुम्ही खोटं बोलत नाही हे मला माहीत आहे. पण माझ्या भावापुढे तोंडात मिठाची गुळणी धरा. तो पुन्हा गेला, तर या वयात परत यायचा नाही."

नाकवाल्यांनी मान डोलावली. तीस वर्षांच्या संसारात तिने मागितलेली ही दुसरी किंवा तिसरी गोष्ट असावी.

दुकानात मेव्हण्याने तीन डबे मांडले. पहिला काचेचा, आत रंगीत दिवे लुकलुकणारा. दुसरा काळा, दोन तळहातांएवढा, बाजूला जाळी आणि आत पंखा. तिसऱ्याला पंखाच नव्हता. अंगभर धातूच्या पन्हळी होत्या आणि चहूबाजूंनी तो बंद होता.

"याला भोकं किती?" काळ्या डब्याकडे बोट दाखवून नाकवाल्यांनी विचारले.

मेव्हणा हसला. "भावोजी, लोक वेग विचारतात, मेमरी विचारतात. भोकं विचारणारे तुम्हीच पहिले."

"वेगाने कोण येतं मला ठाऊक नाही. भोकातून कोण येतं ते ठाऊक आहे."

खुर्चीवर बसलेली बायको खोकली. तो खोकला घशातला नव्हता. नाकवाल्यांनी खिशातून निघालेला टॉर्च परत खिशात घातला आणि पन्हळीचा डबा उचलून पाहिला. उष्णता अंगावाटेच बाहेर जाणार, म्हणजे फट नको. पंखा नाही, म्हणजे हळू आवाजातल्या संवादात घरघर नाही. त्यांच्या मनात तो तिथेच भरला.

"हा द्या."

"तो फक्त दाखवायला ठेवलाय. मागवला तर पंधरा दिवस लागतील, शिवाय नाकापेक्षा मोती जड व्हायचा," मेव्हणा म्हणाला. "ताईला पंधरा दिवस भिंतीकडे बघत बसवता का? हा काळा न्या. कोरा आहे, सीलबंद. टीव्हीच्या मागे अडकवला की दिसतसुद्धा नाही."

"उघडून बघू?"

"सील तोडलं की वॉरंटी संपली."

"अहो, बाळ्या म्हणतो तोच घेऊ," बायको म्हणाली. "तो काय मला वाईट देणार आहे?"

सव्वीस वर्षांत नाकवाल्यांनी न उघडता घरात घेतलेली ती पहिली वस्तू.

चार दिवस घरात आनंद होता. बायको पाय उशीवर ठेवून एका मागून एक नद्या पाहत होती आणि मधूनच नवऱ्याला विचारत होती, "सांगा बघू, ही कुठल्या समुद्राला मिळते?" पाचव्या दिवशी एक लांबलचक चित्रपट चालू असताना पंखा जोरात फिरू लागला, आणि नाकवाल्यांच्या हातातले वर्तमानपत्र थांबले. त्यांनी श्वास घेतला. आधी वाटले, खिडकीतून आला असेल. खिडकी बंद केली. वास वाढला.

दुसऱ्या दिवशी दुपारी बायको आतल्या खोलीत झोपली असताना त्यांनी डबा टीव्हीमागून काढला, वर्तमानपत्रावर ठेवला आणि पेचकसाने बूड उघडले. वरून कीर्तन आणि आतून तमाशा! बाहेरचे कवच नवे होते; आत कित्येक वर्षांच्या फोडणीचा चिकट, पिवळा थर बसला होता आणि त्यात धूळ रुतून तिचे लोकरीच्या नमद्यासारखे पापुद्रे झाले होते. सर्किटच्या हिरव्या पट्टीच्या कडेने मिरपूड सांडावी तसे काळे ठिपके. पंख्याच्या मुळाशी झुरळांनी टाकलेल्या पारदर्शक काती. आणि जिथे सर्वांत जास्त ऊब असते नेमक्या त्या जागी, धातूच्या दोन पात्यांमध्ये चिकटलेल्या, तांदळाच्या दाण्याहून जराशा मोठ्या, तपकिरी, रिकाम्या अंड्यांच्या डब्या. त्यांनी मोजल्या नाहीत. पंखा इतके दिवस हीच हवा तिच्या उशाशी फेकत होता. त्यांनी चार वेळा हात धुतले आणि तरी दुपारचा चहा ओतून दिला.

संध्याकाळी अंड्यांची एक रिकामी डबी कागदात गुंडाळून ते एकटे दुकानात गेले. मेव्हण्याने कागद उघडला, पाहिला आणि शांतपणे चुरगाळून टोपलीत टाकला.

"आतलं कोण बघतं, भावोजी?"

"म्हणजे तुम्हाला माहीत होतं."

"एका हॉटेलवाल्याच्या शाखा बंद पडल्या. स्वयंपाकघरात ऑर्डर दाखवायला लावलेले चाळीस कॉम्प्युटर एकगठ्ठा मिळाले. कवचं बदलली, सील मारलं. चालतोय ना? मग?" त्याने आवाज खाली आणला. "हवा तर त्यातलाच दुसरा देतो, जरा बरा बघून. पण ताईला बोलू नका. आत्ता कुठे उठून बसायला लागलीये ती."

ओट्याखालची झुरळे पाहून लाजलेली माणसे नाकवाल्यांनी पाहिली होती, खोटे बोलणारी पाहिली होती, चिडणारी पाहिली होती. सख्ख्या बहिणीचे आजारपण झाकणासारखे वापरणारा माणूस त्यांनी पहिल्यांदाच पाहिला. जिभेवर आलेले सगळे त्यांनी गिळले. आपलेच दात आणि आपलेच ओठ, चावायचे कोणाला? डबा परत करावा तर ती कारण विचारणार, आणि कारण कळले की चार वर्षांनी उघडलेले दार पुन्हा लागणार.

घरी येऊन त्यांनी बारीक ब्रश, कापूस आणि स्पिरिट घेतले आणि दोन दुपारी खर्चून डबा आतून घासला. दुसऱ्या दुपारी बायकोला जाग आली.

"हे काय उघडून बसलात?"

"धूळ होती."

"नव्या वस्तूत?"

"खिडकीतून येते. शेजाऱ्यांकडची."

बोलून झाल्यावर त्यांना आपलाच आवाज ओळखू आला नाही. रेशमी बाहीने नाक झाकणाऱ्या बाईहून आपण कोणत्या बाबतीत वेगळे उरलो, असा प्रश्न त्यांना पडला. डब्याला आता वास नव्हता. स्वतःचा मात्र येऊ लागला. ते आतल्या खोलीत जेवू लागले. बायकोने विचारले, तर म्हणाले, टीव्हीचा आवाज सहन होत नाही.

पुढच्या रविवारी मेव्हणा आला तो काखेत गुंडाळी घेऊन. त्याने ती टीव्हीसमोर उलगडली. दुकानावर लावायचा मोठा फलक होता. त्यावर काळ्या डब्याचे चित्र, शेजारी एका माणसाच्या फोटोसाठी सोडलेली कोरी चौकट, आणि खाली ठळक अक्षरांत: 'ज्यांच्या घरात झुरळालाही प्रवेश नाही, त्यांनी निवडला आमचा कॉम्प्युटर!'

"कशी वाटली कल्पना, ताई? गावभर भावोजींच्या नाकाचा बोलबाला आहे. त्याचा आपल्याला काहीतरी उपयोग नको का?"

"अगं बाई!" बायकोला हसू आवरेना. "आता तुम्ही भिंतीवर झळकणार!"

"उरलेले एकोणचाळीस महिन्याभरात जातील बघ. लोक मुलांच्या खोलीत लावतात, म्हाताऱ्यांच्या खाटेशी लावतात. भावोजी, जरा हसा." त्याने फोन समोर धरला.

"नको," नाकवाले म्हणाले.

"अहो, एक फोटो तर आहे."

"नको म्हटलं ना."

मेव्हण्याने फोन खाली केला आणि चेहरा पाडून बहिणीकडे वळला. "बघ ताई. उद्घाटनाच्या दिवशी हेच, आजही हेच. यांना माझं बरं झालेलं बघवतच नाही. मी यायचंच नाही का इथे? तसं सांगा, नाही येत."

तो नाकवाल्यांकडे पाहत नव्हता; तरी त्या नजरेत इशारा होता, की बोलून दाखवा, मी उठलोच. बायकोच्या चेहऱ्यावरचे हसू उतरले. तिने काठी टेकून खुर्चीत सरळ बसण्याचा प्रयत्न केला.

"चार वर्षांनी माणूस दारात आलाय, आणि तुम्हाला फोटोची पडलीये? माझ्यासाठी एवढंसुद्धा होत नाही तुमच्याच्याने?"

"ताई, जाऊ दे."

"तू थांब रे." तिचा आवाज वर्गातल्यासारखा झाला. "अहो, इकडे बघा. मी एकदाच विचारते. का नाही?"

नाकवाल्यांनी आधी तिच्या गुडघ्यांकडे पाहिले, मग टीव्हीवर थबकलेल्या नदीकडे, मग मेव्हण्याकडे. त्याचा अंगठा अजून फोनच्या कॅमेऱ्याच्या बटणावर होता. एकोणचाळीस खोल्या त्यांच्या डोळ्यांसमोर आल्या, एकोणचाळीस उशा. ते आवाज न चढवता बोलले.

"हा डबा हॉटेलच्या स्वयंपाकघरातला, जुना आहे. आत झुरळांनी पिढ्यान् पिढ्या काढल्यात, आणि ते तुझ्या भावाला ठाऊक होतं. तुझ्यासाठी डबा घासला मी. याचं दुकान घासणार नाही."